न घडलेल्या तीन शतकांबद्दल ठाण्यातील व्याख्यानमालांच्या आयोजकांना खुले पत्र

सन्माननीय आयोजक मंडळींस,

सप्रेम नमस्कार.

यंदाच्या हंगामात आपल्यापैकी एका व्याख्यानमालेत, युरोपच्या इतिहासातील सुमारे तीनशे वर्षे प्रत्यक्षात घडलीच नाहीत, ती मागाहून दप्तरात घुसडण्यात आली, अशा आशयाचे व्याख्यान झाले. त्या मालेचे आणि वक्त्यांचे नाव मी येथे लिहीत नाही, कारण माझे म्हणणे एका संध्याकाळपुरते किंवा एका व्यक्तीपुरते नाही. हेच व्याख्यान आणखी काही ठिकाणी ठेवण्याचे घाटत असल्याचे कानावर आले, म्हणून हे पत्र शहरातील सर्वच आयोजकांना उद्देशून लिहीत आहे. मी येथील एका माध्यमिक शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झाले आहे आणि आपल्या सभागृहांतील मागच्या रांगांमधली जुनी श्रोती आहे.

व्याख्यान रंगले यात शंका नाही. पडद्यावर एक लांबलचक कालरेषा होती, तिच्यावरचा ६१४ ते ९११ हा पट्टा लाल रंगाने खोडलेला होता, आणि एका क्लिकसरशी तो पट्टा नाहीसा होऊन रेषेची दोन टोके एकमेकांना चिकटली तेव्हा सभागृहात टाळ्या पडल्या. अध्यक्षांनी समारोपात ‘विचार करायला लावणारे विवेचन’ असा अभिप्राय दिला. मात्र तो विचार पुढे नेण्याची सोय त्या संध्याकाळी नव्हती. श्रोत्यांनी चिठ्ठ्यांवर लिहून दिलेल्या प्रश्नांपैकी मोजकेच वाचले गेले आणि बाकीचे वेळेअभावी बाजूला ठेवले गेले. (तीनशे वर्षे वाचवून दिल्यावरही दहा मिनिटे कमी पडावीत, याची गंमत वाटल्याशिवाय राहिली नाही.) बाजूला राहिलेल्या चिठ्ठ्यांत माझीही एक होती. तिच्यावर एकच प्रश्न होता: कान्हेरीच्या लेण्यांतील राष्ट्रकूटकालीन शिलालेखांचे मग काय करायचे? तोच प्रश्न आता सविस्तर मांडते.

ज्यांनी हा विषय ऐकलेला नाही त्यांच्यासाठी मूळ दावा आधी सांगणे योग्य होईल. हेरिबर्ट इलिग या जर्मन लेखकाने १९९०च्या दशकात असे मांडले की इसवी सन ६१४ ते ९११ ही २९७ वर्षे काल्पनिक आहेत. पवित्र रोमन सम्राट तिसरा ऑटो आणि पोप दुसरा सिल्व्हेस्टर यांना आपली कारकीर्द इसवी सनाच्या १०००व्या वर्षी आलेली हवी होती, म्हणून त्यांनी कालगणना पुढे ढकलली आणि मधली पोकळी भरून काढण्यासाठी शार्लमेनसारखा सम्राट कागदावर निर्माण केला, असे त्याचे म्हणणे. त्या हिशेबाने ज्याला आपण १००० साल म्हणतो ते खरे ७०३ ठरते. या कल्पनेला काहीच आधार नव्हता असे म्हणणे अन्यायाचे होईल. मध्ययुगीन युरोपात बनावट दस्तऐवज खरोखरच मोठ्या प्रमाणावर तयार होत असत. १९८६ साली म्युनिकमध्ये या बनावट कागदांवर विद्वानांची मोठी परिषदही भरली होती. रोमन सम्राट कॉन्स्टंटाइनने पोपला राज्य दान दिल्याचा प्रसिद्ध दस्तऐवज बनावट असल्याचे लोरेन्झो व्हाल्ला याने १४४० साली भाषेच्या पुराव्यावरून दाखवून दिले होते. म्हणजे लबाडी होत होती, हे खरेच. परंतु लबाडी पकडण्याचे शास्त्रही त्याच युरोपात तयार झाले, ही गोष्ट व्याख्यानात आली नाही.

सभागृहाला सर्वांत पटलेला मुद्दा पंचांगाचा होता, तेव्हा तो आधी निकालात काढू. ज्युलियस सीझरचे वर्ष खऱ्या सौरवर्षापेक्षा सुमारे ११ मिनिटांनी मोठे असल्यामुळे दर १२८ वर्षांत एक दिवसाची चूक साचत जाते. सीझरचे पंचांग इसवी सनपूर्व ४५ मध्ये लागू झाले आणि पोप तेराव्या ग्रेगरीने १५८२ साली ते दुरुस्त केले. म्हणजे १६००हून अधिक वर्षांत सुमारे १३ दिवसांची चूक साचायला हवी होती, पण ग्रेगरीने १०च दिवस गाळले. उरलेले तीन दिवस म्हणजेच घुसडलेली तीन शतके, असा हा युक्तिवाद. ऐकायला तो बिनतोड वाटतो. मात्र ग्रेगरीला पंचांग सीझरच्या काळाशी जुळवायचेच नव्हते. ईस्टरचा सण ठरवण्याचा नियम ज्या धर्मपरिषदेशी जोडला जातो ती निसियाची परिषद ३२५ साली भरली, आणि वसंतसंपात त्या काळी जसा २१ मार्चच्या सुमारास येत असे तसा पुन्हा आणणे, एवढाच ग्रेगरीचा हेतू होता. ३२५ ते १५८२ या १२५७ वर्षांना १२८ने भागले की उत्तर १०च्या जवळ येते. पाचवी-सहावीच्या भागाकाराने हा मुद्दा संपतो, आणि तो संपवायला सभागृहात कोणी उभे राहिले नाही याचे मला अजून आश्चर्य वाटते.

आश्चर्य वाटते, पण कारण समजते. ‘युरोपचा इतिहास खोटा आहे’ हे वाक्य ऐकताना आपल्या मनाला सुखद गुदगुल्या होतात. साहेबाने आपल्याला इतिहास शिकवला, आता त्याच्याच वहीत खाडाखोड निघाली, असा तो आनंद असतो. टाळ्यांमधला बराचसा आवाज मला त्या आनंदाचा वाटला. परंतु ६१४ ते ९११ या पट्ट्यावर फिरवलेला खोडरबर फक्त शार्लमेनवर थांबत नाही. काळ ही काही एकट्या युरोपची मालमत्ता नव्हे. त्या पट्ट्यात दुसऱ्या पुलकेशीची बहुतेक सारी कारकीर्द आहे, ऐहोळेचा शके ५५६चा म्हणजे ६३४ सालचा रविकीर्तीचा प्रशस्तिलेख आहे, पुलकेशीच्या महाराष्ट्रात येऊन गेलेला युआन श्वांग आहे, दंतिदुर्ग आणि पहिला कृष्ण हे राष्ट्रकूट राजे आहेत, आणि त्या कृष्णाच्या काळी डोंगर वरून खाली कोरत आणून घडवलेले वेरूळचे कैलास लेणे आहे. चीनचा तांग राजवंश ६१८ ते ९०७ असा जवळजवळ पूर्णपणे याच पट्ट्यात बसतो. हिजरी सनाचा आरंभ ६२२ सालचा, तोही याच पट्ट्यातला. पारशी मंडळी ज्या यज्दगर्दी सनाने आपली वर्षे मोजतात तो इराणचा शेवटचा सासानी बादशहा यज्दगर्द गादीवर आला तेव्हापासून, म्हणजे ६३२ साली, सुरू होतो. टेंभी नाक्याजवळच्या अग्यारीत जाणाऱ्या एखाद्या आजोबांना ‘तुमचे शेवटचे सासानी बादशहा झालेच नाहीत’ असे सांगून पाहावे.

आणि मराठी? उद्योतनसूरीने शके ७००मध्ये पुऱ्या केलेल्या ‘कुवलयमाला’ या प्राकृत ग्रंथात निरनिराळ्या प्रांतांतले व्यापारी कसे बोलतात त्याचे वर्णन आहे, आणि त्यात ‘दिण्णले, गहिल्ले’ असे बोलणारे मरहट्टे आहेत. मराठी बोलीचे कान देऊन टिपलेले इतके जुने वर्णन आपल्याकडे दुसरे क्वचितच असेल. ते ७७९ सालचे आहे. मराठी भाषा किती जुनी यावर ज्या सभागृहांत हिरिरीने बोलले जाते, त्याच सभागृहात त्या भाषेच्या बाळपणावर पाणी सोडले गेले आणि कोणाच्या लक्षातही आले नाही.

आता माझ्या चिठ्ठीकडे येते. येऊरचा डोंगर जिथे बोरिवलीच्या बाजूला उतरतो तिथे कान्हेरीची लेणी आहेत. त्यांतील तीन लेखांवर शके ७६५, ७७५ आणि ७९९ अशी वर्षे आहेत, म्हणजे ढोबळ मानाने इसवी सन ८४३ ते ८७७. लेखांत राष्ट्रकूट सम्राट अमोघवर्षाचे नाव आहे आणि त्याच्या हाताखाली कोकण सांभाळणाऱ्या शिलाहार पुल्लशक्तीचे आणि त्याचा मुलगा दुसरा कपर्दी याचे नाव आहे. एका लेखात गौड देशाहून, म्हणजे बंगालच्या बाजूने, आलेला अविघ्नाकर नावाचा बौद्ध उपासक भिक्षूंसाठी निवास बांधून देतो आणि शंभर द्रम्मांची (त्या काळच्या नाण्यांची) कायम ठेव ठेवतो. बंगालचा एक उपासक, कोकणातला मांडलिक, मान्यखेट या राष्ट्रकूट राजधानीचा सम्राट, दानाची रक्कम आणि शकवर्ष: एवढे सगळे एकाच दगडात आहे. हे खोटे मानायचे तर तिसऱ्या ऑटोच्या दरबारातून कोणीतरी छिन्नी घेऊन कान्हेरीच्या डोंगरावर चढला होता असे मानावे लागेल, आणि त्याला त्या काळची अक्षरवळणेही अवगत होती असे मानावे लागेल. ऐहोळेची लिपी वेगळी आणि अकराव्या शतकातील शिलाहार ताम्रपटांची नागरी वेगळी. एका वळणातून दुसरे वळण यायला पिढ्यान्‌पिढ्या लागतात. मधली तीन शतके काढून टाकली तर एखाद्या लेखनिकाच्या आजोबांची अक्षरे नातवाला वाचताच आली नसती.

याच शतकांत ठाण्याचेही नाव येते. खलिफा उमरच्या काळात, ६३६-३७च्या सुमारास, बहरीन आणि ओमानच्या सुभेदाराने समुद्रमार्गे ठाण्यावर तुकडी धाडली आणि परवानगी न घेता केलेल्या या उद्योगाबद्दल खलिफाने नाराजी व्यक्त केली, असे अल्‌-बलाधुरी हा अरब इतिहासकार लिहितो. लिखित अरबी इतिहासात ठाण्याचे नाव इतक्या लवकर येते ते याच प्रसंगाने. घटना खोडलेल्या पट्ट्यातली, आणि नवव्या शतकातला अल्‌-बलाधुरी स्वतःही खोडलेल्या पट्ट्यातलाच. न जन्मलेल्या माणसाने न झालेल्या वर्षातील चढाईची नोंद केली, आणि ती नेमकी आपल्या गावावरची, असा हा प्रकार होतो.

यावर वक्त्यांचे संभाव्य उत्तर मला ठाऊक आहे. भारतीय कालगणना स्वतंत्र असल्यामुळे तिच्यात काही बिघडलेले नाही, बिघाड फक्त युरोपच्या हिशेबात आहे, असे ते म्हणतील. हे उत्तर वरवर समंजस दिसते, आणि त्याचा समाचार घ्यायला आपल्याला कल्याणपर्यंत जावे लागते. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील एका ग्रीक व्यापाऱ्याने लिहिलेले तांबड्या समुद्राचे आणि हिंदी महासागराचे जे प्रवासवर्णन आज उपलब्ध आहे, त्यात ‘कल्लिएना’ म्हणजे कल्याण बंदराचा उल्लेख आहे. पूर्वी येथे उघडपणे व्यापार चाले, पण आता चुकून येथे आलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात भडोचला नेली जातात, असे तो सांगतो. त्याच वर्णनात भडोचकडच्या एका राजाचे जे नाव येते तो क्षत्रप नहपान होय असे बहुतेक अभ्यासक मानतात. नहपानाच्या काळचे लेख नाशिक, कार्ले आणि जुन्नर येथे आहेत, आणि त्याच्यानंतरच्या रुद्रदामनाचा गिरनारचा लेख ७२व्या वर्षाचा, म्हणजे इसवी सन १५०चा आहे. आणि त्याच वर्णनात अरबस्तानाच्या बाजूला नबाती राजा मलिकस याचाही उल्लेख आहे, ज्याचा काळ रोमन इतिहासाच्या आधारे ४० ते ७० असा ठरलेला आहे.

म्हणजे येथे दोन दोऱ्यांची गाठ आहे. एक दोरी रोमची आणि एक आपली, दोन्हींची टोके आजच्या दिवसात आपल्या हातात आहेत आणि दोन्ही पहिल्या शतकात एकाच व्यापाऱ्याच्या लेखणीखाली बांधलेल्या आहेत. रोमच्या दोरीतून २९७ वर्षे कापली तर मलिकस तीन शतके अलीकडे सरकतो आणि नहपान जागच्या जागी राहतो. मग एकच माणूस दोघांना समकालीन म्हणून कसा लिहितो? गाठ टिकवायची तर आपल्या दोरीतूनही तेवढीच वर्षे कापावी लागतील, आणि तसे केले की ऐहोळे, वेरूळ, कान्हेरी यांना जागा उरत नाही. युरोपपुरती खाडाखोड करून सुटका होत नाही.

गझनीच्या महमूदाच्या काळातला अल्‌-बिरुनी हा विद्वान तर जणू या वादासाठीच हिशेब मांडून गेला आहे. कोकणची राजधानी समुद्रकाठचे ‘ताना’ असे लिहिणारा हाच तो. त्याने हिंदुस्थानातील निरनिराळ्या गणना एकमेकींशी ताडून पाहण्यासाठी एक मापकवर्ष धरले: यज्दगर्दी ४००. ते वर्ष शके ९५३शी, विक्रम संवत १०८८शी आणि गुप्त-वलभी संवत ७१२शी जुळते असे तो नोंदवतो. इराणातून आलेली गणना, मराठी मुलखात चालणारी गणना आणि गुजरात-माळव्याकडच्या गणना या चारही स्वतंत्र आहेत, त्या चालवणारे लोक वेगळे आहेत, त्यांच्यात धर्माचा किंवा राज्याचा काही संबंध नाही, आणि तरी त्या १०३१ साली एका ओळीत उभ्या राहतात. त्यांतील एकीतही कोणी एका पिढीचीही घुसखोरी केली असती तरी ती त्या ओळीत उघडी पडली असती.

आकाशाचा आणि झाडांचा पुरावा मी थोडक्यात सांगते, कारण तो इतरत्र सहज मिळतो. हॅलेचा धूमकेतू ६०७ साली दिसला आणि नंतर ९१२ साली दिसला. मधली ६८४, ७६० आणि ८३७ सालची दर्शने चिनी ज्योतिषांनी नोंदवली आहेत. मधली २९७ वर्षे काढली तर सुमारे ७६ वर्षांनी येणारा हा पाहुणा त्या वेळी आठच वर्षांत परतला असे म्हणावे लागते. अलेक्झांड्रियाच्या थिऑनने १६ जून ३६४ रोजी पाहिलेले सूर्यग्रहण आजच्या गणिताने त्याच दिवशी येते, २९७ वर्षांच्या फरकाने नव्हे. आणि ७७४-७५च्या सुमारास वातावरणातील किरणोत्सारी कार्बन अचानक वाढल्याची खूण जपानमधील देवदारांच्या वर्षवलयांत २०१२ साली फुसा मियाके यांना सापडली, तीच खूण पुढे युरोपातील झाडांतही त्याच वलयात मिळाली. झाडांना सम्राटांच्या इच्छेशी देणेघेणे नसते.

यापेक्षा मला एक घरची गोष्ट महत्त्वाची वाटते, आणि ती आपल्या श्रोत्यांना सांगितली जावी अशी माझी फार इच्छा आहे. कालगणनेत दोनशे वर्षांची चूक आपल्याच जिल्ह्यात एकदा खरोखर झाली होती. अंबरनाथच्या शिवमंदिरातील शिलालेखाचे वर्ष डॉ. भाऊ दाजी लाड यांनी शके ७८२ असे वाचले. भाऊ दाजी हे काही हौशी वाचक नव्हते. त्या काळातील अत्यंत नावाजलेले संशोधक होते. पुढे त्यांच्याच हाताखाली तयार झालेल्या पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी तो अंक तपासून वर्ष शके ९८२, म्हणजे १०६०, असे दुरुस्त केले. एका झिजलेल्या आकड्याच्या वळणावर दोनशे वर्षे टांगलेली होती. ती दुरुस्ती योग्य की अयोग्य हे आज कोणालाही पडताळता येते: ठाण्यात पाया खणताना १७८७ साली सापडलेला शिलाहार राजा अरिकेसरीचा ताम्रपट शके ९३९चा आहे, त्याचा पुतण्या छित्तराज याचा भांडुपचा ताम्रपट शके ९४८चा आहे, आणि अंबरनाथच्या लेखातला मुम्मुणी हा त्या छित्तराजाचा भाऊ. शके ७८२ धरले तर भाऊ भावाच्या दीडशेहून अधिक वर्षे आधीचा ठरतो. ९८२ धरले की घराणे जागेवर बसते. ठाणे, भांडुप, अंबरनाथ ही तिन्ही नावे आपण रोज लोकलच्या घोषणेत ऐकतो.

शिष्याने गुरूचे वाचन दुरुस्त केले, ते छापून केले, आणि त्यामुळे गुरूचे मोठेपण कमी झाले नाही. इतिहासात ‘वेळेची हेराफेरी’ कशी उघडकीस येते याचे याहून चांगले उदाहरण मला माहीत नाही. पण या गोष्टीत कट नाही, पोप नाही, सम्राट नाही. म्हणून तिच्यावर व्याख्यान ठेवावे असे कोणाला सुचत नसावे.

दुसरी बाजू अशी की सत्ताधाऱ्यांनी खरोखरच काळाशी खेळ केला, तेव्हा तो कधीही गुपचूप राहिलेला नाही. ग्रेगरीचे नवे पंचांग पोर्तुगालच्या राज्यात लागू झाले तेव्हा ठाणे आणि वसई पोर्तुगीजांकडे होते. १६६५ साली मुंबई बेट इंग्रजांच्या ताब्यात आले, आणि इंग्रज तर १७५२पर्यंत जुन्याच पंचांगाला चिकटून राहिले. म्हणजे १७३७ साली मराठ्यांनी ठाणे घेईपर्यंतची सत्तर-बाहत्तर वर्षे खाडीच्या एका काठाच्या कारभारात एक तारीख आणि दुसऱ्या काठाच्या कारभारात तिच्या दहा दिवस मागची तारीख चालत होती. १७०० नंतर फरक अकरा दिवसांचा झाला. आपल्याकडे शिवराज्याभिषेकाची म्हणून जी ६ जून ही तारीख पाळली जाते तीही इंग्रजांच्या त्या जुन्या पंचांगाची आहे. दहा दिवसांचा फरक, आणि साडेतीनशे वर्षांनंतरही तो कागदावर ठळक दिसतो.

घड्याळाची गोष्ट तर अजून जवळची. १८५३ साली बोरीबंदरहून ठाण्याला आगगाडी आली आणि पुढे रेल्वेने मद्रासची वेळ स्वीकारली, जी मुंबईच्या स्थानिक वेळेच्या अर्धा तास पुढे होती. सरकारने १८८१ साली तीच वेळ मुंबईच्या कचेऱ्यांवर लादून पाहिली आणि लोकक्षोभामुळे दोन वर्षांत माघार घेतली. १ जानेवारी १९०६पासून भारतीय प्रमाणवेळ आली, तेव्हा मुंबईने आपली ३९ मिनिटे मागची ‘मुंबई टाइम’ सोडण्यास नकार दिला. सभा झाल्या, निवेदने दिली गेली, वर्तमानपत्रांतून रकाने भरले, आणि ती वेळ या ना त्या रूपात १९५५पर्यंत चालू राहिली. एकोणचाळीस मिनिटांसाठी एक शहर जवळजवळ पन्नास वर्षे भांडले. शिवजयंतीचे उदाहरण आपणां सर्वांना तोंडपाठ आहे: १६२७ की १६३०, या तीन वर्षांच्या फरकावर, १९१६ साली लोकमान्य टिळकांनी जेधे शकावली प्रकाशात आणल्यापासून किती पाने लिहिली गेली आणि किती सभा गाजल्या, ते येथे सांगायला नको. अशा जगात २९७ वर्षे घुसडली गेली आणि बगदादपासून चांगआनपर्यंत, कान्हेरीपासून कैरोपर्यंत एकाही माणसाने हूं की चूं केले नाही, यावर विश्वास ठेवायचा असेल तर माणसाच्या भांडखोरपणावरचा विश्वास आधी सोडावा लागेल.

असे व्याख्यान ठेवूच नये असे माझे म्हणणे नाही. अतर्क्य कल्पना सभागृहात यावी, तिच्यावर वाद व्हावा, पोरांनी ती ऐकावी. शाळेत असताना मी स्वतः मुलांना ‘हे झालेच नाही असे समजा आणि सिद्ध करून दाखवा’ असा खेळ देत असे, आणि त्यातून ती शकवर्षाचे इसवी सन करायला चटकन शिकत. माझी हरकत आहे ती एकतर्फी मांडणीला आणि तिच्यावर ‘संशोधन’ असे बिरुद लावण्याला. आपल्या निमंत्रणपत्रिकेत वक्त्यांच्या नावापुढे ‘इतिहास संशोधक’ असे छापले होते. कोणत्या साधनांवर केलेले संशोधन, ते पत्रिकेत नव्हते आणि व्याख्यानातही आले नाही. व्यासपीठ हे प्रमाणपत्र नसते हे खरे, परंतु दर वर्षी त्याच खुर्च्यांवर बसणारे श्रोते आपल्या निवडीवर भरवसा ठेवून येतात. व्याख्यानानंतर माझी एक जुनी विद्यार्थिनी, जी आता स्वतः शिकवते, जिन्यात भेटली आणि म्हणाली, “बाई, आता वर्गात कैलास लेण्याचं साल सांगायचं की नको?” तिचा प्रश्न थट्टेचा नव्हता.

तेव्हा आपणांस विनंती अशी. हे व्याख्यान पुन्हा ठेवायचे असेल तर अवश्य ठेवा, पण त्याच्याच दुसऱ्या दिवशी एखाद्या पुराभिलेखतज्ज्ञाला उत्तर कोकणच्या शिलाहारांच्या लेखांवर बोलायला बोलवा, आणि शक्य झाल्यास आधीच्या रविवारी श्रोत्यांना अंबरनाथला घेऊन जा. वाचलेल्या आकड्याची वाद घालण्यासारखी जागा डोळ्यांनी पाहिली की पडद्यावरच्या लाल पट्ट्याचे वजन आपोआप कळते. वक्त्यांना हे पत्र आधी पाठवावे आणि कान्हेरीचे शकवर्ष, कल्याणच्या बंदरातील दोन राजांची गाठ आणि अल्‌-बिरुनीचे मापकवर्ष या तिन्हींचा खुलासा त्यांनी व्यासपीठावरून करावा. प्रश्नोत्तरांचा अर्धा तास निमंत्रणपत्रिकेतच छापावा, आलेल्या सर्व चिठ्ठ्या वाचल्या जाव्यात, आणि ज्यांची उत्तरे राहतील त्या चिठ्ठ्या सभागृहाबाहेरच्या फलकावर लावाव्यात, म्हणजे पुढच्या दिवशीच्या श्रोत्यांनाही त्या दिसतील. माझी चिठ्ठी मी पुन्हा लिहून देईन.

कळावे, लोभ असावा.

आपली नम्र,
एक निवृत्त इतिहास शिक्षिका
नौपाडा, ठाणे